गिळखड्याचं नाटक

मला राग लवकर येतो. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे बाईंनी आपली बाजू गोड करून मांडली असं पुढे कुणी म्हणायला नको. शाळेत पोरं माझ्या पाठीमागे मला काय म्हणतात ते मला ठाऊक आहे, आणि खरं सांगायचं तर ते नाव मला आवडतंसुद्धा. माझ्या वडिलांच्या बाबतीत मात्र देवाने राग वाटताना हात आखडता घेतला होता. पन्नास वर्षांत मी त्यांना चिडलेलं पाहिलं नव्हतं. कुणी रांगेत पुढे घुसलं, जाऊ दे. कुणी त्यांची बढती स्वतःच्या भाच्याला दिली, जाऊ दे. माझं लग्न जमून मोडलं तेव्हाही माझ्या शेजारी बसून ते तेच म्हणाले. त्या दिवशी मी त्यांच्या पंगतीला जेवले नाही.

पप्पा नेवासा तालुक्यातल्या एका साखर कारखान्यात पॅनमन होते. उसाचा रस आटून घट्ट झाला की तो एका प्रचंड बंद भांड्यात उकळतो. त्याला पॅन म्हणतात, आणि त्या पॅनपाशी उभा राहून आत साखरेचा दाणा कसा धरतोय ते बघणारा तो पॅनमन. लांब दांड्याने आतला चमचाभर रस बाहेर काढायचा, काचेच्या पट्टीवर पसरायचा, दिव्यासमोर धरायचा आणि बघायचं. लॅब होती, साहेब होते, पण पप्पांचा डोळा जे आधी सांगायचा तेच लॅबचा कागद तासाभराने सांगायचा. कधीकधी चांगल्या दाण्यांच्या मध्ये नको असलेले बारीक दाणे आपोआप पडतात. त्यांना पप्पा चोर दाणा म्हणत. हा चोर आजूबाजूची गोडी ओढून घेतो आणि बाकीच्यांना वाढू देत नाही. तो दिसला की लगेच गरम पाणी सोडायचं, म्हणजे विरघळतो. उशीर केला तर अख्खी पॅन बिघडते.

पहिली पाळी करून पप्पा दुपारी घरी यायचे, जेवायचे आणि खाटेवर आडवे व्हायचे. मी खाटेच्या पायथ्याशी. मग गिळखड्याची गोष्ट सुरू व्हायची.

झांबोळ नावाचा एक देश. तिथे सूर्य हिरवा उगवतो आणि नद्या डोंगर चढतात, पण त्याचं कुणाला काही वाटत नाही. झांबोळमधली खरी गंमत अशी की तिथे प्रत्येक गोष्टीला चव असते. सावलीला चव, गाण्याला चव, माणसाच्या हाकेलाही. आईने हाक मारली की लेकराच्या जिभेवर दुधावरची साय येते, आणि शेजारणीने मारली की कच्ची चिंच. अशा त्या देशात हजार वर्षांतून एकदा, नदीच्या तळाशी, एक खडा आपोआप धरतो. खसखशीएवढा. निळा. तो म्हणजे गिळखडा. ज्याच्या मुठीत तो येईल त्याने काहीही मागावं, मिळतं. पण दर मागण्याला खडा आजूबाजूची चव गिळतो आणि वाढतो. आधी आंबे फिके पडतात, मग मीठ, मग पाणी. मग गाणी. शेवटी आई हाक मारते आणि लेकरू मागे वळून बघत नाही, कारण हाकेत काही उरलेलंच नसतं. आणि ज्याच्या मुठीत खडा असतो त्याला यातलं काही कळत नाही, कारण सगळ्यात आधी त्याचीच जीभ मेलेली असते. खडा फोडावा म्हटलं तर फुटतो, पण त्याचा प्रत्येक तुकडा नव्याने वाढायला लागतो. आणि वाढतो तसा इतका देखणा होतो की त्याला हात लावायचं कुणाच्या जिवावर येत नाही.

"मग त्याचं काय करायचं?" मी विचारायचे.

"बघू," पप्पा डोळे मिटून म्हणायचे. "आजून वाढतोय त्यो." आणि घोरायला लागायचे.

असं चार-पाच वर्षं चाललं. राजा बदलायचा, मागणं बदलायचं, खडा मात्र संपायचा नाही. मी मोठी झाले, डी.एड. केलं, शाळेला लागले. आई गेली. पप्पा रिटायर झाले आणि आम्ही दोघंच राहिलो, कारखान्यापासून दोन किलोमीटरवर, आमच्या चर्चच्या मागच्या गल्लीत. गिळखड्याचा विषय कधी निघाला नाही.

गेल्या वर्षी पावसाळा सरता सरता पप्पांनी एकदा चहा कपाच्या शेजारी ओतला. मी ओरडले. दुसऱ्या दिवशी परत तसंच. मग त्यांना नगरला डोळ्यांच्या दवाखान्यात नेलं. (पाटीवर आता अहिल्यानगर आहे, तोंडात नगरच येतं.) डॉक्टरांनी दोन्ही डोळ्यांत प्रकाश टाकून बराच वेळ पाहिलं. डायबेटिसने पडदा खराब झाला होता. डावा डोळा गेल्यात जमा होता, आणि हे पप्पांनी मला सांगितलंच नव्हतं. उजव्याबद्दल डॉक्टर म्हणाल्या, "इंजेक्शनं देऊ. नाताळपर्यंत दिसेल असं धरून चला. पुढचं मी सांगू शकत नाही."

येताना एसटीत पप्पा खिडकीशी बसले होते. प्रवरेचा पूल आला तेव्हा ते बाहेर बघत म्हणाले, "गिळखडा एकदा डोळ्यानं बघायला पायजे हुता."

या माणसाने माझ्याकडे आयुष्यात काही मागितलं नव्हतं. ना नवा सदरा, ना जावई, ना नातू. मी रुमालात तोंड खुपसून रडले आणि मग पूल संपायच्या आत ठरवून टाकलं.

संडे स्कूलच्या मुलांचं नाताळचं नाटक दरवर्षी मीच बसवते. तेच मेंढपाळ, तेच देवदूत, तेच कापसाची दाढी लावून बाळ येशूला भेटी आणणारे मागी लोक. त्या वर्षी मी वहीवर लिहिलं, झांबोळ. पहिल्या प्रवेशात राजाला गिळखडा सापडतो, शेवटच्या प्रवेशात त्याचा निकाल लागतो. मधे बेथलेहेमला निघालेले तीन प्रवासी त्या देशात रस्ता चुकून येतात आणि त्यांना कळतं की इथे कुणाच्या शब्दालाच चव उरलेली नाही. शेवट पप्पांनी कधी सांगितलाच नव्हता, म्हणून मी लिहिला. सगळी प्रजा आपापल्या घरातलं पाणी आणून खड्यावर ओतते आणि तो विरघळून जातो.

मी वाचून दाखवलं तेव्हा पप्पा खुर्चीतच अस्वस्थ झाले. "गार पान्यानं?"

"म्हणजे?"

"गार पान्यानं दाना इरघळत न्हाई नीट. हंडाभर गार पानी वतलं तर वरून चिकाट हुईल फकस्त. ऊन पानी पायजे. घराघरातून चुलीवर तापवून आनायला लाव."

"पप्पा, जादूचा खडा आहे तो."

"आसंल. पन दाना तो दानाच."

मी चुली घातल्या. आणि खडा पप्पांनी स्वतः करायला घेतला. मी थर्माकोलचा आणते म्हटलं तर त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं की मी शहाण्यासारखी गप्प बसले. त्यांनी काचेच्या बरणीत साखरेचा दाट पाक भरला, बेकरीवाल्याकडून निळा रंग आणून घातला आणि त्यात दोऱ्याला खडीसाखरेचा एक कण बांधून सोडला. रोज सकाळी बरणी खिडकीत नेऊन ते उजवा डोळा काचेला अगदी चिकटवायचे. आधी पाक गाळून ताजा भरायचे, चोर दाणा काढून टाकायचे, मग मला हाक मारून आज किती वाढला ते सांगायचे. महिन्याभरात तो लिंबाएवढा झाला. खरोखर देखणा होता. टोकं टोकं असलेला, आतून निळा.

तालमीला तो आणला तेव्हा पहिला तास त्याच्याभोवती घोळका करण्यातच गेला. राजाचं काम आठवीतल्या एका मुलीला दिलं होतं, कारण असा खणखणीत आवाज दुसऱ्या कुणाचा नव्हता. तिच्या प्रधानाला मी तीनदा बजावलं होतं की हा जगातला सगळ्यात घातक खडा आहे, त्याला नुसतं लांबून हात जोडायचे. मी पाठ फिरवली आणि प्रधानाने तो चाटला. "बाई, गोड हाय!" त्याने जाहीर केलं. मग सबंध झांबोळ रांगेत उभं राहिलं. साखर कारखान्याच्या सावलीत वाढलेल्या पोरांपुढे साखरेचा खडा ठेवून त्यांना तो चाटू नका म्हणणं हा मूर्खपणा माझाच होता. पप्पांनी उरलेला खडा परत पाकात सोडला आणि पुन्हा वाढवायला लागले.

डिसेंबरच्या पहिल्या रविवारी चर्चमधली भक्ती संपल्यावर कमिटीने मला बोलावलं.

कमिटी म्हणजे सेक्रेटरी साहेब. बाकीचे चार पंच मान हलवायला, आणि आमचे पाळकसाहेब तरुण, नवीन, घरात तान्हं मूल. त्यांना चर्चचं क्वार्टर सोडावं लागायची भीती. सेक्रेटरी साहेब कारखान्यात लॅबचे प्रमुख होते. पप्पांनी तीस वर्षं त्यांना साहेब म्हटलं आणि रिटायर झाल्यावरही तेच चालू ठेवलं. चर्चमध्येही पप्पा त्यांना बघितलं की बाकावरून उठतात. मला ते कधीच आवडलं नाही.

"नाताळच्या दिवशी जादूचा खडा?" साहेब म्हणाले. "ख्रिस्तजन्माच्या वेदीपुढे जादूटोणा? नोंद घ्या, हे चालणार नाही."

मी म्हटलं, "वेदीपुढे नाही, हॉलमध्ये. आणि त्या खड्याची पूजा नाही साहेब, त्याचा नाश होतो. शेवटपर्यंत वाचा."

"वाचलं आहे." त्यांनी माझी वही टेबलावर ठेवली. काही ओळींखाली लाल पेनने रेघा होत्या. सगळ्या रेघा राजाच्या बोलण्याखाली होत्या, आणि सगळ्या बोलण्याखाली नव्हे, त्यातल्या दोनच शब्दांखाली. नोंद घ्या. माझा राजा प्रत्येक हुकमाच्या शेवटी म्हणतो, नोंद घ्या.

आता मला हे ठाऊक नव्हतं असं म्हटलं तर ते खोटं होईल. लिहिताना राजाला एक सवय हवी होती, साहेबांची मनात आपोआप आली आणि मी ती ठेवली. ठेवताना मी हसलेही होते. म्हणजे जादूटोणा, वेदी, शास्त्र हे सगळं नंतरचं. साहेबांना लागलं होतं ते वेगळंच होतं, आणि लागलं होतं हे खरंच होतं. मला क्षणभर वाईट वाटलं.

"ते दोन शब्द काढते मी," मी म्हटलं. "माझी चूक झाली. पण खडा राहणार."

त्यांनी तिथे मान्य केलं असतं तर ही गोष्ट तिथेच संपली असती. पण लोकांसमोर ते कसं मान्य करणार की त्यांना दोन शब्दच खुपले होते? "शब्दांचा काय संबंध?" ते म्हणाले. "खडा काढा. त्याच्या जागी तारा घाला. राजाचा हेरोद करा. नाहीतर हॉलला कुलूप राहील."

"मागी लोकांनी सोनं, ऊद आणि गंधरस आणला तेव्हा कुणी हॉलला कुलूप लावलं नव्हतं," मी म्हटलं. पाळकसाहेबांना हसू आलं आणि त्यांनी ते खोकल्यात घालवलं. बाहेर आल्यावर ते हळूच म्हणाले, "बाई, तेवढं बदला ना. ईस्टरला करू तुमचं नाटक. तोवर साहेब निवळतील."

ईस्टरला. ईस्टरला पप्पांना नाटक कुणी दाखवायचं? मी त्यांना डोळ्याचं सांगितलं. पाळकसाहेबांचा चेहरा पडला, पण कुलपाची किल्ली त्यांच्याकडे नव्हती.

घरी येऊन मी कबूल केल्याप्रमाणे वहीतले ते दोन शब्द खोडले आणि पप्पांना सगळं सांगितलं. पप्पा बरणी पुसत होते. ते म्हणाले, "जाऊ दे. तारा घाल."

माझा तोल गेला. जे पन्नास वर्षं साठलं होतं ते मी त्या दुपारी बाहेर काढलं. म्हटलं, जाऊ दे, जाऊ दे करत तुम्ही बढती जाऊ दिली, आईच्या आजारपणात रजा मागायचं जाऊ दिलं, डोळा गेला तरी मला सांगायचं जाऊ दिलं. आता हा एक खडा राहिला होता तोही जाऊ द्या. तुमच्या त्या झांबोळमध्ये खडा का संपत नव्हता माहीत आहे? कारण तुमच्यासारखी माणसं होती तिथे. सगळी फिकी होऊन बसलेली, आणि राजापुढे बाकावरून उठणारी.

बोलून झाल्यावर मला माझीच भीती वाटली. म्हाताऱ्या माणसाला, बापाला, हे असं बोलतात? पप्पांनी बरणीचं झाकण लावलं आणि फडकं घडी करून ठेवलं. मी संध्याकाळी माफी मागायला गेले तर म्हणाले, "खरं बोललीस. माफी कशाची मागतीस?"

दुसऱ्या दिवशी मी वही उघडली आणि काढलेले ते दोन शब्द राजाच्या तोंडी परत घातले. मी म्हटलंच होतं, मला राग लवकर येतो.

कुलूप लागलं. मग पालकांचे फोन सुरू झाले. बाई, आमचं पोरगं आजारी आहे. बाई, आम्ही मामाकडे चाललोय. एकोणीस मुलांची नऊ उरली. राजा उरली, प्रधान उरला, प्रवासी तिनाचे दोन झाले. प्रजा म्हणावी एवढी मुलंच नव्हती, आणि माझ्या नाटकात शेवट प्रजा करते.

प्रजा मला कारखान्याच्या तळावर मिळाली. गळीत हंगाम असल्यामुळे ऊसतोडणीच्या टोळ्या उतरल्या होत्या, पाथर्डी-शेवगावकडच्या, काही बीडच्या. पाचटाच्या कोप्या, बैल, ट्रॅक्टर. तिथल्या सात-आठ मुली आमच्या शाळेत हंगामापुरत्या येतात, त्यांच्यामुळे त्यांच्या आया मला ओळखत होत्या. मी त्यांना झांबोळची गोष्ट सांगितली. त्यातली एक बाई कमरेवर हात ठेवून ऐकत होती. ती म्हणाली, "म्हंजी राजा खातो आन् आमी फिकं हुतो. हे काय नवीन सांगता व्हय बाई?" मग ती हसली. "ऊन पान्याचं म्हनाल तर चुली आमच्याकडं लई हायेत. सांगा कवा तापवायचं ते."

टोळीच्या मुकादमाने एक रिकामी ट्रॉली दिली. तिची फळकी पाडली की झाला रंगमंच. दिवस ठरला नाताळच्या दुसऱ्या दिवसाचा, दुपारी चारचा. लोक म्हणाले, बाई, दुपारी कुठं नाटक असतं का, लाईट लावून संध्याकाळी करा, शोभा येईल. मी म्हटलं, शोभा गेली खड्ड्यात. पप्पांचा डोळा अंधार पडायला लागला की काही धरत नाही, त्यांना दिवसाच दिसतं. नाटक दिवसाच होईल.

नाताळच्या दिवशी आम्ही भक्तीला गेलो. कुणी आमच्याशी धड बोललं नाही, करंज्यांची ताटं आमच्या गल्लीला वळसा घालून गेली. पप्पा नेहमीसारखे साहेबांना बघून उठले. मी दुसरीकडे तोंड केलं.

दुसऱ्या दिवशी चारला तळावर बरीच गर्दी झाली. तोडणीच्या बाया कोयते बाजूला ठेवून बसल्या, काही पुरुष ट्रॅक्टरच्या टपावर. चर्चची माणसंही आली, थोडी, मागे मागे उभी राहिली, आम्ही सहज इकडून चाललो होतो असा चेहरा करून. पाळकसाहेब मुलाला कडेवर घेऊन आले आणि सरळ पुढे येऊन बसले. त्यांचं मला कौतुक वाटलं. पप्पांना मी पहिल्या रांगेत मधोमध प्लास्टिकच्या खुर्चीत बसवलं होतं. त्यांनी इस्त्रीचा पांढरा सदरा घातला होता. मान थोडी डावीकडे वळवून ते बसले होते, उजवा डोळा नीट ट्रॉलीकडे लागावा म्हणून. ट्रॉलीवर लाल कापडाच्या स्टुलावर गिळखडा होता. उन्हात तो आतून पेटल्यासारखा दिसत होता आणि बायका एकमेकींना बोट करून दाखवत होत्या.

पहिला प्रवेश छान झाला. दुसऱ्यात आंबे फिके पडले तेव्हा लोक हसले, पण पुढे आईच्या हाकेला लेकरू वळत नाही तिथे बायांनी आपापली पोरं जवळ ओढून घेतली. पप्पांचे ओठ हलत होते. ते मुलांच्या आधी वाक्यं म्हणत होते. माझी राजा सिंहासनावरून उठली, हात उंच केला आणि तिच्या त्या खणखणीत आवाजात म्हणाली, "नोंद घ्या!"

तेव्हाच स्कूटर थांबल्याचा आवाज आला.

सेक्रेटरी साहेब गर्दीतून सरळ पुढे आले. मागे दोन पंच होते, ते मध्येच कुठेतरी थांबले. साहेब ट्रॉलीसमोर आले, लोकांकडे पाठ करून मुलांना म्हणाले, "बस्स. खाली उतरा सगळे." मग ते वळले आणि ट्रॉलीला पाठ लावून, हात पसरून लोकांसमोर उभे राहिले. "हे नाटक चर्चचं नाही. चर्चने याला मनाई केलेली आहे. हे बंद होत आहे."

मुलं जागच्या जागी थिजली. राजाचा हात हवेतच राहिला. प्रधान रडायच्या बेतात आला. माझं भाषण तयार होतं. तीन आठवडे मी ते भाकरी थापताना, पेपर तपासताना, शाळेच्या रस्त्याने जाताना मनात घोळवलं होतं. त्यात शास्त्रही होतं, हॉलचं कुलूपही होतं आणि लाल पेनच्या रेघाही होत्या. आज हा माणूस परत तोंड वर काढणार नाही अशी त्याची बांधणी होती. मी विंगेतून, म्हणजे ट्रॉलीच्या चाकामागून, बाहेर आले.

पण माझ्याआधी पप्पा बोलले. बसल्या जागेवरून.

"साहेब, बाजूला व्हा. मला दिसत न्हाई."

आवाज मोठा नव्हता. घरात ते मला दिवा लाव म्हणतात त्याच आवाजात म्हणाले. साहेबांना आधी कळलंच नाही की कोण बोललं. मग त्यांनी खाली पाहिलं.

"अरे, तू?" साहेब म्हणाले. "तू तरी समजव तुझ्या पोरीला. तुला कळतंय का हिने काय चालवलंय?"

मी पप्पांकडे पाहत होते. मला वाटलं आता ते उठतील. त्यांचे हात खुर्चीच्या दांड्यांवर होते, आणि मला दिसत होतं की पायांना सवयीने उठायचं होतं. टाचा जमिनीवरून सुटल्या. मग त्यांनी त्या परत खाली टेकवल्या.

ते बसूनच राहिले. मान डावीकडे वळवून, उजवा डोळा बारीक करून, साहेबांच्या अंगापलीकडे बघायचा प्रयत्न करत.

"बाजूला व्हा," पप्पा म्हणाले.

या वेळी त्यात साहेब नव्हतं.

सबंध तळ त्या दोघांकडे बघत होता. साहेबांनी माझ्याकडे पाहिलं, मग पाळकसाहेबांकडे, मग त्या दोन पंचांकडे. कुणी मान हलवली नाही. त्यांचे पसरलेले हात हळूहळू खाली आले, आणि ते एक पाऊल बाजूला सरकले. पप्पांनी अजून मान तिरकी केलेली पाहून ते आणखी एक पाऊल सरकले.

"हां," पप्पा म्हणाले. "आता दिसतंय."